बिनदोऱ्याची शिलाई

स्वयंपाकघराच्या भिंतीवर टांगलेल्या चादरीवर पडदेबाईला तिचं स्वतःचं डोकं दाखवण्यात आलं, आणि ते तिचं नव्हतं. चादर तिरकी आहे, हे तिला आधी दिसलं. पडदे शिवण्यात जन्म गेलेल्या बाईला सरळ रेषेचं वेडच असतं. कुणाच्या घरी गेली की ती माणसांच्या आधी खिडक्यांकडे बघते आणि पडद्याला अस्तर लावलंय की नुसतंच भागवलंय ते मनात नोंदवते. मग चादरीवर हातोडा पडला. मग करवतीचं पातं आलं. मग एक लाल गाडी भोंगा वाजवत आली, आली आणि येतच राहिली. एक अंडं फुटलं. एका मुलीचा चेहरा रबरासारखा लांबत गेला (ती लेकीची मैत्रीण होती, एरवी चांगली खिदळणारी). आणि शेवटी सगळं लालेलाल होऊन रीळ संपलं. फिल्मचं सुटलेलं टोक फटफट करत गोल फिरत राहिलं. तो जुना प्रोजेक्टर लेकीने कुठल्याशा बंद पडलेल्या शाळेतून उचलून आणला होता आणि गेले काही महिने तो जेवणाच्या टेबलावर पाहुण्यासारखा बसून होता, त्याच्या बाजूने ताटं मांडायची. लेक दिवसा एका ऑफिसात साबणाच्या आणि बुटांच्या जाहिराती कापायची, जोडायची, आणि उरलेल्या वेळात स्वतःचे सिनेमे करायची. ते सिनेमे म्हणजे गोष्ट नाही, माणसं नाहीत, कधी नुसता नळ, कधी नुसती भिंत. तिचा बाप प्रत्येक सिनेमा मन लावून बघायचा आणि प्रत्येक वेळी अगदी नम्रपणे विचारायचा, पण यात होतं काय? आज त्याने विचारलं नाही. तो स्टुलावर बसला होता, गुडघ्यांवर हात ठेवून, आणि त्याचे डोळे भरून आले होते.

“एवढं होतं तुला?” तो म्हणाला.

लेक पडदेबाईकडे बघत होती. आईची अर्धशिशी हा विषय तिने घेतला होता, आणि आई ‘बरोबर’ म्हणाली तरच लोकांना दाखवायचा असं तिने आधीच जाहीर केलं होतं. पुढच्या आठवड्यात वाचनालयाच्या तळघरातल्या छोट्या हॉलमध्ये हा खेळ ठरलेला होता. म्हणजे आता एकच शब्द बोलायचा होता. पडदेबाईने तोंड उघडलं, मिटलं, आणि म्हणाली, “चादर तिरकी लागलीये.” त्यावर लेक हसली. म्हणजे तिचे खांदे हलले. या घरात हसणं खांद्यांनी व्हायचं.

त्याचंही कारण पडदेबाईचं डोकंच. लेक रांगायला लागली तेव्हापासून घरात एक दार अधूनमधून बंद होत असे आणि त्या दाराबाहेर सगळ्यांची मांजरं होत असत. नवरा बस डेपोत वेळापत्रक सांभाळायचा, कुठली गाडी कधी सुटली, किती उशिरा आली. त्याची अख्खी नोकरी मिनिटांवर चाललेली. पण बायकोचं डोकं चढलं की तो घरी येऊन पहिलं काम काय करायचा, तर स्टूल ओढून त्यावर चढायचा आणि बाहेरच्या खोलीतल्या भिंतीवरच्या घड्याळातला सेल काढायचा. टिकटिक नको. मग दाराच्या फटीला टॉवेल. मग नळाखाली फडकं, म्हणजे थेंबाचाही आवाज नको. मग पोरीला जवळ घेऊन ओठांवर बोट. पोरगी शहाणी. ती आवाज न करता जेवायला शिकली, आवाज न करता पानं उलटायला शिकली, आणि एके दिवशी बापाच्या डोळ्यांवरचा चष्मा वरणाच्या पातेल्यात पडला तेव्हा दोघं बापलेक एकही आवाज न करता, खांदे गदगदा हलवत, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसली. दुखणं उतरलं की सेल पुन्हा घालायचा. पण घालताना काटे जुळवायचं त्याच्या ध्यानात राहत नसे, त्यामुळे डेपोतल्या गाड्या वेळेवर सुटायच्या आणि त्यांचं घर मात्र कायम मागे. शेजारीपाजारी त्यांना जेवायला बोलवायचे ते मुद्दाम तासभर आधीची वेळ सांगून.

पडदेबाई त्या रात्री भांडी विसळताना मनात म्हणत होती की हातोडा कसला, करवत कसली. पोरीने दाराबाहेर बसून जे ऐकलं त्याचा सिनेमा केलाय. विव्हळणं ऐकलं, ओकण्याचा आवाज ऐकला, आणि त्यावरून आत काय असेल ते ताडलं. चूक नाही तिची. बंद दारावरून आतल्या खोलीचा अंदाज करायचा म्हणजे पडद्यावरून घर ओळखण्यासारखं. पण दाराच्या आत काय असतं हे पडदेबाईने कुणाला कधी सांगितलंच नव्हतं, आणि न सांगण्याला तसंच सबळ कारण होतं.

कारण असं, की आधी भोक पडतं. दुखणं नंतर, बरंच नंतर. आधी समोरच्या कशातलं तरी थोडंसं नाहीसं होतं. ती शिवणाच्या वर्गात शिकत होती तेव्हा पहिल्यांदा झालं. सुईत दोरा ओवत होती, तर सुईचं नाकच गेलं. मग दोरा गेला. तिने मान वर केली, तर समोर शिवणाच्या बाई उभ्या, कसल्याशा उसवलेल्या टाक्यावरून तिलाच झापत होत्या, आणि बाईंचं तोंड गायब. डोळे होते, चष्मा होता, अंबाडा होता, तोंडाच्या जागी काहीच नाही. काळंही नाही, पांढरंही नाही, नुसतं नाही. आणि त्या नाहीमधून ओरडणं चालूच. तिला हसू फुटलं. त्यावर जी थप्पड बसली ती मात्र अख्खी होती. पुढे वर्गाच्या मागच्या बाकावर डोकं टेकून बसली असताना त्या भोकाच्या काठाला एक ठिणगी दिसली. ठिणगीची रेघ झाली, रेघेला दात फुटले, दात चमकायला लागले, थरथरायला लागले, काळ्यापांढऱ्या कंगोऱ्यांची एक झालर झाली आणि ती झालर कोयत्यासारखी वाकत, मोठी होत, हळूहळू नजरेच्या कडेकडे सरकत गेली. डोळे मिटले तरी होती. उघडले तरी होती. दातांच्या कडांना निळं आणि पिवळं इतकं बारीक की पाण्यावरच्या तेलालाही जमणार नाही. वयात येणाऱ्या, घरात वापरून उरलेले कपडे घालणाऱ्या, कुणी कधी काही खास तिच्यासाठी म्हणून न आणलेल्या त्या मुलीला वाटलं की हे माझं आहे. हे दुसऱ्या कुणाला दिसत नाहीये. झालर कडेपर्यंत गेली, बाहेर पडली, आणि मागे जग पुन्हा जोडलेलं, बाईंना तोंड आलेलं. जरा वेळ शांत गेला. मग डोक्याच्या एका बाजूला कुणीतरी येऊन बसलं, आणि ते काय असतं ते ज्याचं जळतं त्यालाच कळतं.

तर सौंदर्य आधी आणि वसुली नंतर, असा तो व्यवहार. पण हे सांगायचं कुणाला? दुखतं हेच लोकांना पटवता पटवता नाकी नऊ आले होते. ताप नाही, सूज नाही, रक्त नाही. दाखवायला हातात काही नाही. पाहुणे आले की बरी हिची अर्धशिशी उठते, हे सासूबाईंचं म्हणणं. नणंदेचं म्हणणं की डोक्याला काम नसलं की डोकं दुखतं. दुकानाच्या मालकाला तर अशी शंका होती की या आजाराला मोठ्या ऑर्डरचा वास येतो. आणि एकदा हॉटेलाच्या पडद्यांच्या घाईत पडदेबाईने त्याच्या डोळ्यांदेखत पडद्याच्या हुकांचा मोठा डबा जवळ ओढून त्यात ओकून टाकलं, तेव्हा कुठे त्याची खात्री पटली. तेव्हापासून तो तिला आराम कर म्हणतो आणि हुकांचा डबा वरच्या फळीवर ठेवतो. अशी कष्टाने जमवलेली पत. तिच्यावर उठून आता सांगायचं, की अहो, त्याआधी फार छान दिसतं? सगळं मुसळ केरात. आणि दुसऱ्यांचं सोडा. पण तो माणूस, जो इतकी वर्षं डेपोतून धापा टाकत येऊन स्टुलावर चढला, त्याला काय वाटेल? आपण बाहेर मांजर होऊन बसलो आणि ही आत रोषणाई बघत होती? लेकीला काय वाटेल, जिचं हसणं खांद्यांत अडकून बसलं? तेव्हा ‘बरोबर’ म्हणून टाकावं. हातोडा तर हातोडा. त्यात कुणाचं काही जात नव्हतं, एका तिचं सोडून.

असं ठरवून ती दुसऱ्या दिवशी दुकानात गेली. काळ्या कापडाचं काम होतं. कुणाला दिवसा झोपायचं असतं, कुणाला काय. उजेड अजिबात येऊ नये असं जाड कापड, आणि त्याच्या कडेला नागमोडी झिगझॅग शिलाई, म्हणजे धागे सुटत नाहीत. मशीन चालू होतं आणि दोरा कधी तुटला ते तिच्या लक्षात आलं नाही. हातभर शिलाई बिनदोऱ्याची गेली. तिने जीभ चावली, कापड उचललं आणि किती बिघडलंय ते बघायला खिडकीच्या उजेडात धरलं. काळ्या कापडात सुईची भोकं, डावीकडे, उजवीकडे, डावीकडे, उजवीकडे, आणि प्रत्येक भोकातून ऊन. तिने कापड जरा हलवलं. दात चमकले. तिला वाटलं, आलं वाटतं, आणि सवयीने तिने डोळे मिटले. तर मिटलेल्या डोळ्यांत काहीच नव्हतं. म्हणजे हे बाहेर होतं. इतकी वर्षं जे फक्त डोक्यात होतं ते हातात होतं. ती तशीच उभी राहिली, कापड हलवत, नव्या खेळण्यासमोरच्या मुलासारखी, आणि मालक म्हणाला की कापडाला वास येतोय का, त्याने डोकं उठलं का. आणि मग, जणू नाव घेतलं म्हणून, कापडावरच्या दातांच्या शेजारी एक दात असा चमकला जो कापडावर नव्हता. दोन्ही झालरी क्षणभर एकमेकींच्या शेजारी थरथरल्या, एक बाहेरची आणि एक आतली. तिला ताडून बघता आलं, आणि तिने बघितलं, की आतली जास्त बारीक आहे, टाके आणखी जवळ जवळ पडायला हवेत, आणि मधोमध सुरू होऊन कडेला जायला हवी. मग तिने पिशवी उचलली. मालकाने तिच्या चेहऱ्याकडे बघितलं आणि मुकाट्याने रिक्षा थांबवली.

त्यानंतरची संध्याकाळ नेहमीची. दार, अंधार, उशीखाली घातलेलं डोकं. डोक्याच्या डाव्या बाजूला जे बसलं होतं त्याचं वर्णन करायला तिच्याकडे कधीच शब्द नव्हते. दुखणं असताना शब्द नसतात आणि शब्द येतात तेव्हा ते गेलेलं असतं. पण आज एक कोपरा जागा राहिला आणि तो ऐकत होता. घड्याळ. बाहेरच्या घड्याळाची टिकटिक ही दुखण्यातली एकमेव सरळ रेषा होती. तिला धरून माणूस एकेक टीक पुढे सरकू शकत होतं, अंधाऱ्या जिन्यात कठड्याला धरून उतरावं तसं. आणि मग, ठरल्याप्रमाणे, कुलपात किल्ली. चपला काढून हातात घेतलेल्या. स्टुलाचा पाय फरशीवर खरवडला, खर्र, मग जपून उचललं, मग पुन्हा खर्र, कारण जपून उचललेलं स्टूल त्याच्या हातून नेहमीच शेवटी निसटतं. चढताना त्याचा तो ‘हं’ असा श्वास. आणि टिकटिक बंद. कठडा गेला. दरवेळी जातो. लग्न झाल्यापासून तिला उठून सांगायचं आहे की अहो, ते राहू दे, आणि उठता येत नाही. आणि उठता येतं तेव्हा तो इतका आशेने विचारतो, आज जरा कमी होतं ना, की तोंडातले शब्द तोंडात राहतात. पण आज त्या जाग्या कोपऱ्याला दुसरंच कळलं. टिकटिक गेली तरी ती घसरली नव्हती. ती खर्र ऐकल्यापासूनच तिचे खांदे सैल झाले होते. मग दाराबाहेर लेक भिंतीला टेकून बसली, तिच्या बांगडीचा एक बारीक आवाज, आणि कुजबुज, काय झालं, काही नाही, खाल्लंस का, श्श.

सकाळी ते गेलेलं होतं. दुखणं गेल्यावरची सकाळ ही पडदेबाईच्या मते जगातली सगळ्यात दुर्लक्षित गोष्ट आहे. लोक बिनदुखण्याचे रोज उठतात आणि त्यांना ती फुकट मिळते, म्हणून कळत नाही. पाण्याला चव होती. तिने पेला तोंडाला लावला आणि पाणी घशातून खाली कुठवर गेलं ते तिला समजत राहिलं. स्टीलच्या पातेल्यावर ऊन पडलं होतं आणि ते इतकं सुरेख पडलं होतं की तिने पातेलं जागचं हलवलं नाही, चहा दुसऱ्यात टाकला. लेक टेबलाशी बसून हातोड्याची फिल्म गुंडाळत होती, डोळे सुजलेले. रविवार होता, नवरा पेपर वाचत होता. म्हणजे पेपर न वाजवता वाचत होता. पडदेबाईने लेकीला विचारलं, तुझ्याकडे नुसती काळी फिल्म आहे का, काहीच न काढलेली? होती, खराब झालेली, पुष्कळ. तिने ती शिवणाच्या मशीनखाली घेतली, दोरा काढून टाकला, टाका बारीक केला, आणि लेक अगं आई अगं आई करेपर्यंत पायडल दाबलं. पहिली पट्टी कडेच्या भोकांत सुई घुसून फाटली. दुसरी प्रोजेक्टरने चावून खाल्ली. नवऱ्याने पेपर खाली ठेवला आणि मशीनला तेल देऊ का म्हणून विचारलं, कारण काय चाललंय ते कळलं नाही की तो कशाला तरी तेल द्यायचा. तिसरीखाली तिने कागदाची पट्टी धरली आणि फिल्म सरकवताना बोटाने हळूहळू तिरकी नेत गेली, मधून कडेकडे. जन्मभर सरळ शिवलेल्या हाताला तिरकं जाताना गुदगुल्या झाल्या. कागद सोडवून, ती पट्टी चढवून लेकीने दिवा लावला, खिडकीचा पडदा ओढला. (त्या घरातले पडदे उत्तम होते, उजेडाची एक रेघ येत नाही.) आणि तिरक्या चादरीच्या मधोमध एक ठिणगी पडली, तिला दात फुटले, ते थरथरले, चमकले, मोठे होत होत चादरीच्या कडेला गेले आणि बाहेर पडले.

टोक फटफट फिरत होतं.

“हे,” पडदेबाई म्हणाली. “दुखायच्या आधी हे येतं. आणि हे छान असतं.”

झालं. निघून गेलं तोंडातून. तिने चादरीकडेच बघत सांगून टाकलं की हातोडा काढ, दुखण्याचं चित्र काढूच नकोस, ते दिसत नसतं; तिथे नुसतं काळं ठेव. लोकांना बसू दे काळ्यात. आणि आवाज ठेव, आतले नाही, बाहेरचे, तुमचे. लेकीने प्रोजेक्टर बंद केला. मग हळू आवाजात म्हणाली, “म्हणजे आम्ही बाहेर रडत होतो आणि तू आत हे बघत होतीस?” त्यात राग होता का, हे पडदेबाईला अंधारात कळेना. ती म्हणाली की हे बघून झालं की मग मीही रडतच होते, दोन्ही खरं आहे, एकाने दुसरं खोटं होत नाही. आणि मग तिला शेजारी काहीतरी हलतंय असं वाटलं, आणि ते लेकीचे खांदे होते.

नवरा उठला, त्याने पडदा बाजूला केला, आणि उजेडात उभं राहून घड्याळाकडे बघायला लागला. ते अजून बंद होतं. तेव्हा पडदेबाईने मनाशी म्हटलं, एवढं सांगितलंय तर आता पदरात काही ठेवू नये. आणि तिने टिकटिकीचंही सांगितलं. कठड्याचं. तो ऐकत राहिला. डेपोत एखादी गाडी सकाळपासून चुकीच्या रस्त्याने धावतेय असं कळल्यावर त्याचा चेहरा होत असेल, तसा झाला.

“म्हणजे मी इतकी वर्षं उगाच स्टुलावर चढलो.”

“उगाच कसं? स्टुलाचा आवाज यायचा ना. त्यावरून कळायचं, तुम्ही आलात.”

त्याने तिच्याकडे बघितलं. मग स्टुलाकडे बघितलं. मग काहीतरी सरकारी काम असावं तशा गांभीर्याने त्याने स्टूल भिंतीपाशी ओढलं, दोनदा, दोन्ही वेळा ते निसटलं, आणि वर चढून त्याने सेल घातला. लेकीने तेवढ्यात आवाज घ्यायचं यंत्र चालू केलं होतं. ती म्हणाली, बाबा, पुन्हा उतरून पुन्हा चढा. तो पुन्हा चढला. ‘हं’ नीट आला नाही म्हणून आणखी एकदा. दुपारपर्यंत त्या माणसाने इतके ‘हं’ दिले की त्याला धाप लागली, आणि यातला कुठला घेणार, पहिला जरा बरा होता, असं तो जेवताना विचारत राहिला.

वाचनालयाच्या तळघरात खुर्च्या कमी आणि माणसं त्याहून कमी होती. दुकानाचा मालक आला होता. पडदा सरळ आहे ना, हे त्याने आणि पडदेबाईने दोघांनी न बोलता तपासलं. दिवे गेले. एक साधी खिडकी दिसली, तिचं एक तावदान नाहीसं झालं. ठिणगी आली. पडदेबाई आजवर हे एकटी बघत आली होती. आता तिने मान वळवली आणि बाजूच्या अनोळखी चेहऱ्यांवर तो उजेड थरथरताना बघितला. समोरच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या बाईने हात पुढे केला, धरायला गेल्यासारखा, आणि मागे घेतला. झालर कडेला गेली, बाहेर पडली, आणि हॉल काळाकुट्ट झाला. काळाच राहिला. माणसं चुळबुळली. टिकटिक ऐकू येत होती. मालक तिच्या नवऱ्याच्या कानाशी वाकला आणि कुजबुजला, पण यात होतं काय? नवरा म्हणाला, “थांबा जरा. माझं काम यायचंय.”

कुलपात किल्ली फिरली. खर्र. जपून उचललं. निसटलं, खर्र. अंधारात, मोठ्या आवाजात, सगळ्यांच्या डोक्यावरून, एका माणसाने ‘हं’ केलं. आणि मागे, प्रोजेक्टरपाशी, कुणीतरी हसलं. तोंडाने. पहिल्यांदा एक चिरका, उसवल्यासारखा आवाज निघाला, जणू खूप दिवस न उघडलेली खिडकी; मग तो सुटलाच, आणि सगळा हॉल मागे वळून बघायला लागला, अंधारात बघण्यासारखं काही नसताना. शेजारी नवऱ्याचा हात सवयीने वर गेला. बोट ओठांपर्यंत आलं. टिकटिक बंद झाली होती, कुजबुज चालू होती, श्श असा त्याचाच आवाज पडद्यावरून आला. तो बोट तसंच धरून बसला. मग पडद्यावर पातेल्यावरचं ऊन आलं, एकदम, सगळ्यांचे डोळे दिपवत, आणि त्या उजेडात पडदेबाईने बघितलं की त्याने हात खाली घेतलाय, आणि त्याचे खांदे हलताहेत, आणि तोंड अर्धवट उघडं आहे, जमतंय का ते बघत.